लग्नातलं नाव

दुपारच्या सुट्टीत कचेरीतल्या नागसेननं त्याचा मोबाईल माझ्या डब्याच्या झाकणाला टेकवून उभा केला आणि म्हणाला, "दीपकभाऊ, ह्या तुमच्या आईच ना?" माझ्या तोंडात घास होता. आईला जाऊन सात महिने झाले होते आणि ती त्या चौकोनात हलत होती. फोटोतल्या आईची मला सवय झाली होती. फोटोतली आई काही मागत नाही, काही बोलत नाही, हार बदलला की शांत राहते. ही मात्र मोताळ्याच्या बाजारात उभी होती. मागे बोरांचा ढीग, हातात कापडी पिशवी, पिशवीतून मेथीची जुडी बाहेर आलेली. संक्रांतीच्या आधीचा बाजार असावा, कारण बोरांच्या पलीकडे सुगडी मांडलेली दिसत होती. तिच्यासमोर कुणीतरी माईक धरला होता. धरणाऱ्याचा हात तेवढा दिसत होता. आई आधी पदर तोंडाशी नेऊन हसली. मग पदर सोडला, मान जराशी तिरपी केली आणि म्हणाली, "जवारीच्या कनसाले मोत्याचा साज, उकंडरावाचं नाव घेते, वडनेर सोडलं आज." आणि पुन्हा हसली, या खेपेला पदर न घेता, सगळे उरलेले दात दाखवून. मागून एक बाई "अव माय!" म्हणाली आणि संपलं. चौदा सेकंद. "लय भारी ना?" नागसेन म्हणाला. त्याचं काही चुकलं नाही. हजेरीपटावर माझं पूर्ण नाव रोज त्याच्या नजरेखालून जातं, दीपक उत्तमराव, पण दुसऱ्याच्या बापाचं नाव कोण वाचतो? मी घास गिळला आणि म्हणालो, "हो, आईच."

त्या दुपारी मी एका वाटणीच्या दाव्याच्या नऊ पानांची नक्कल तपासली. कोर्टाच्या नकलांच्या विभागात सव्वीस वर्षं काढलेल्या माणसाचे डोळे आपोआप चालतात, मूळ कागद, नक्कल, मूळ कागद, नक्कल, आणि डोकं मोकळं राहतं. त्या मोकळ्या डोक्यात एकच नाव फिरत होतं. उकंडराव म्हणजे आमचे मोठे बाबा, बाबांचे थोरले भाऊ. आजीची दोन मुलं पाळण्यातच गेली, म्हणून तिसरं झाल्याबरोबर सुईणीनं त्याला उकिरड्यावर एकदा लोळवून आणलं आणि नाव ठेवलं उकंडा. असल्या नावाच्या पोराकडे मरण ढुंकून पाहत नाही अशी समजूत. चोवीस वर्षं त्यानं खरोखरच पाहिलं नाही. मग विहिरीचा गाळ काढताना दरड खचली. एवढंच मला माहीत होतं. फोटो नाही, काही नाही. पितृपक्षात मात्र त्यांचं पान निघायचं. आजोबांचं पान बाबा वाढायचे, आजीचं बाबाच वाढायचे, मोठ्या बाबांचं आई वाढायची. आणि त्या पानावर ठेचा बाजूला नाही, भाकरीच्या वर ठेवायची. लहानपणी मी विचारलं होतं, हा असा काऊन? आई म्हणाली होती, "त्याईले तसा लागे." मोठे बाबा आईबाबांच्या लग्नाच्या आधीच वारले असं घरात सांगितलं जाई. म्हणजे आईनं त्यांना पाहिलेलं नसणार. मग त्यांना ठेचा भाकरीवर लागायचा हे तिला कुणी सांगितलं? चाळीस वर्षं हे गणित माझ्यासमोर पानावर वाढलेलं होतं आणि मी आपला जेवत होतो.

आमच्यात विधवेचा पाट लागतो हे मला माहीत नाही असं नाही. वारसाच्या प्रकरणांमधून 'प्रथम पती मयत, पुढे मयताच्या धाकट्या भावाशी पाट' असली वाक्यं मी शेकड्यांनी उतरवून घेतली आहेत आणि खाली 'खरी नक्कल' असा शिक्का मारला आहे. शिक्का मारताना कधी हात थबकला नाही. दुसऱ्याच्या घरातलं असलं की ते एक वाक्य असतं. आपल्या घरातलं निघालं की मात्र माणूस बोटं मोडून वर्षं मोजायला लागतो. मीही मोजली, लाज वाटत असताना मोजली. मोठे बाबा गेल्यावर सहा वर्षांनी माझा जन्म. म्हणजे तिथे काही नव्हतं. आई आधी थोरल्याची बायको होती, मग धाकट्याची झाली, गावाला ठाऊक होतं आणि पोराला नव्हतं, कारण पोर दहाव्या वर्षी बुलढाण्याच्या वसतिगृहात आलं आणि तिथलंच झालं. मला लपवल्याचा फार राग आला नाही. आपल्याकडे सगळ्याच घरांत एखादी खोली अशी असते की जिच्यात दिवा नेत नाहीत. मला वाईट वाटलं ते बाबांचं. पन्नास वर्षं ज्यानं संसार केला, शेवटच्या दिवसांत जो चमच्या-चमच्यानं तिला पेज पाजत बसला, त्याचं नाव सोडून तिनं भर बाजारात दुसऱ्याचं नाव घेतलं. आणि हसली. ते हसणं मला सहन होईना. मी तिला असं हसताना कधी पाहिलं नव्हतं. माझी आई ओठ मिटून हसायची, कामात असताना हसायची, हसून झालं की लगेच दुसरं काहीतरी उचलायची. बाजारातली ती बाई कोण होती?

घरी आलो आणि तो व्हिडिओ मी माझ्या मोबाईलवर शोधून काढला. मनाली नावाची कुणी मुलगी होती, मोताळ्याची. बाजारात, बसस्टँडवर, रस्त्यात माणसं अडवून त्यांना बोलतं करायची आणि ते लोकांना दाखवायची. आईचा तुकडा सहा हजार लोकांनी पाहिला होता. खाली शेरे होते. आजी एक नंबर. आजीले नमस्कार. माह्या आजीची याद आली. आणि या सगळ्यांत एकानं लिहिलं होतं, "हे आपल्या उत्तमरावच्या घरचे ना? मंग उकंडराव कोन व?" पुढे तीन हसरी तोंडं. लिहिणारा आमच्या भावकीतला नसेल तर मी नाव बदलीन. एक शेरा म्हणजे गावात किती तोंडं, हे मला शिकवायला नको. बाबा संध्याकाळी पारावर बसतात. आज ना उद्या कुणीतरी शहाणा मोबाईल त्यांच्या नाकासमोर धरणार, आणि मग धरणारा त्यांच्या तोंडाकडे पाहणार. तो बघ्याचा चेहरा मला आत्ताच दिसत होता. बायकोला, संजीवनीला, मी सगळं सांगितलं. तिनं व्हिडिओ दोनदा पाहिला, डोळे पुसले आणि म्हणाली, "राहू द्या ना. आवाज हाय त्याईचा. आपल्याजवळ दुसरा कुठी हाय?"

"आवाजासाठी बापाची इज्जत बाजारात मांडू का?"

"बाजारात त्या सोताच उभ्या होत्या," ती म्हणाली. "कोनी मांडलं नाही त्याईले."

बायकोचं म्हणणं पटलं तरी पटलं म्हणायचं नाही, हा एक जुना रोग आहे आणि तो मला आहे. दुसऱ्या दिवशी मी रजा टाकली आणि मोताळ्याची गाडी धरली. राजूर घाट उतरेपर्यंत मोबाईलवर त्या मुलीचे बाकीचे व्हिडिओ पाहत होतो. खरं सांगायचं तर शोधत होतो, की आई आणखी कुणाच्या मागे उभी दिसते का. ती कुठेच नव्हती. पण माणसं होती. कात्र्यांना धार लावणारा एक जण चाक फिरवता फिरवता सांगत होता की बाया आता कात्र्या फेकून देतात, नवीनच घेतात. चपलांच्या दुकानातली एक मुलगी म्हणत होती की मले लोकाईचे पाय पाहून त्याईचं गाव सांगता येते. एक म्हातारा रिकामी पिशवी हलवत म्हणत होता, "काही नाही घेतलं. पाह्याले आलो. घरी कोन हाय खायाले?" आणि मग त्या पिशवीची घडी घालत बसला होता. एक बाई नुसतीच बराच वेळ माईककडे पाहत राहिली आणि म्हणाली, "मले कोनी असं इचारत नाही व माय." काय विचारलं होतं ते कळत नव्हतं. कुठल्याच व्हिडिओत प्रश्न नव्हता. माणसं आपणहून बोलायला लागल्यासारखी वाटत होती, जणू बाजाराच्या मधोमध त्यांना अचानक काहीतरी आठवलं. मला ते आवडत होतं आणि आवडतंय म्हणून माझा मलाच राग येत होता. माझ्या ओळखीची बरीच माणसं होती त्यांत, म्हणजे नावानं ओळखीची नाही, पण याच बाजारात लहानपणी आईचं बोट धरून ज्यांच्यामधून वाट काढली तीच ती. कुणी आपल्याला विचारावं आणि आपण सांगावं, एवढीच ती गोष्ट. मी सव्वीस वर्षं लोकांनी शपथेवर सांगितलेलं उतरवून घेतोय. त्यात हे असलं काही सापडलं नाही.

मनालीच्या बापाचं बसस्टँडच्या मागे बांगड्यांचं दुकान होतं. ती दुकानातच बसली होती, बावीस-तेवीसची, काच तडकलेला मोबाईल, शेजारी काळ्या स्पंजचा माईक आणि बांगड्यांचे खोके. मी ओळख सांगितली तशी ती उठून उभी राहिली. "संक्रांतीच्या आजी! बसा ना काका. कशा हायेत त्या?" मी सांगितलं. तिचं तोंड एकदम उतरलं. "मले माईत नव्हतं काका. त्याईनं मले बोरं देल्ले होते. वंजळभर. नको म्हनलं तं ओढनीत बांधून देल्ले." हे ऐकून मला बसता आलं असतं. पाणी मागता आलं असतं. मी उभ्याउभ्याच म्हणालो की तो व्हिडिओ काढून टाकायचा आहे.

"काऊन काका? एकानं बी वंगाळ नाही लिवलं."

मी तो शेरा दाखवला. तिनं वाचला आणि तिला काही कळलं नाही, कळण्यासारखं नव्हतंच. "हे उडवून टाकतो ना मंग. येकटा हा शेरा उडवता येते."

"शेरा नाही. व्हिडिओ काढ."

तिनं पुढ्यातलं बांगड्यांचं खोकं बाजूला सारलं. मग म्हणाली, "आधी तुमच्या मोबाईलमधी टाकून देऊ काय? माह्याजवळ बी इतलंच हाय. मूळचं सारं शूटिंग मी पुसतो, मोबाईलात जागाच नाही पुरत." मी नको म्हणालो. का म्हणालो, हे मी तेव्हापासून स्वतःला विचारतोय आणि दरवेळी वेगळं उत्तर येतं. बाबांच्या अब्रूसाठी आलोय, मग त्यातलाच एक नग आपल्यासाठी खिशात घालून कसा नेऊ, असं काहीतरी त्या वेळी डोक्यात होतं. एवढं सोवळं मी आयुष्यात दुसऱ्या कशात पाळलं नाही. आणि खरं सांगायचं तर मला ते हसणं घरात नको होतं. जी बाई माझी आई नव्हती तिला मी कशाला सांभाळू? मनालीनं मोबाईल माझ्यासमोर धरला. कायमचं काढायचं का, असं त्यानं विचारलं होतं. तिनं माझ्याकडे पाहिलं. मी हो म्हणून मान हलवली. तिनं बोट टेकवलं, आणि आईच्या जागी खालचा कात्रीवाला वर सरकून आला.

मी चार पावलं गेलो असेन, तिनं मागून हाक मारली. "काका, तुमी नाराज नका होऊ. त्याईची काई गलती नव्हती. मीच म्हनलं होतं, आजी, नवा उखाना नका घेऊ, तो सारेच घेतात. तुमच्या लग्नात घेतला होता ना, तोच घ्या."

"हे व्हिडिओत नव्हतं."

"माहा आवाज मी कापून टाकतो," ती म्हणाली. "माहा आवाज कोनाले आयकाचा हाय? लोकाईचा पाह्यजे."

बसस्टँडवर मी रसवंतीच्या बाकावर बसून राहिलो. रसवंती बंद होती. लग्नात घेतला होता तोच. आईला एका मुलीनं साधा सरळ प्रश्न विचारला आणि तिनं साधं सरळ उत्तर दिलं. लग्न तिचं एकदाच झालं होतं. वडनेर भोलजीच्या तिच्या माहेरच्या दारात, सतराव्या वर्षी, जाताना. 'वडनेर सोडलं आज' असं सत्तरीतल्या बाईनं बाजारात म्हटलं तेव्हाच मला ते कळायला हवं होतं. ते 'आज' केव्हाचं, हे विचारायला हवं होतं. मी फक्त नाव ऐकलं. कागदावरची नावं पाहायची सवय. नाव जुळलं नाही की आम्ही लाल पेन्सिलनं गोल करतो. मनात आलं, परत जावं, म्हणावं असेल कुठं तर शोध. पण मग दुसरं मन म्हणालं, झालं ते बरंच झालं, बाबांना तर तो प्रश्न ऐकू येणार नव्हता, लोकांनाही नाही. नाव तेवढंच राहिलं असतं. या दुसऱ्या मनाला बरोबर घेऊन मी गावच्या ऑटोत बसलो. सहा किलोमीटर. दोन्ही बाजूंनी सोयाबीन पिवळं पडायला लागलं होतं आणि मला उगाचच चांगलं काम करून आल्यासारखं वाटत होतं.

बाबा ओट्यावर मुगाच्या शेंगा सोलत बसले होते. मला पाहून त्यांना नवल वाटलं नाही, उलट हायसं वाटल्यासारखं दिसलं. "बरं झालं आला. ये. ह्या पुष्पांजलीच्या मोबाईलात आज काय झालं त काय मालूम, मघानी लावून पाह्यलं तं लागूनच नाही राह्यलं. तुह्यात लाव." पुष्पांजली म्हणजे शेजारची सून.

"काय लावू?"

"आईचं. बाजारातलं."

मी पिशवी खाली ठेवली. ठेवायला बराच वेळ लागला. "तुमी पाह्यलं, बाबा?"

"पंचमीपासून पाह्यतो. तिलेच दिसलं पयले, ते पयत आली दाखवाले. आता रोज येते बिचारी, दिवे लागायच्या येळले. दोनदा लावते. तिसऱ्या खेपी मीच नाही म्हनत, तिले सैपाक असते." त्यांनी एक शेंग उकलली, मूग सुपात पाडले. "लाव ना."

"पन बाबा, त्यात आई..."

"मोठ्याचं नाव घेते. मंग कोनाचं घेईन?" ते माझ्याकडे न पाहता म्हणाले. "लग्नातलं नाव हाय ते. मी होतो ना तिथं, मांडवात. वीस वर्साचा. आमीच हट्ट धरला होता का वयनी, नाव घ्या, नाहीतं गाडीत बसू देत नाही. तव्हा घेतलं तिनं. असंच. आधी पदर घेतला तोंडावर, मंग सोडला." त्यांनी हातातल्या शेंगेनं पदर सोडून दाखवला. "तुले आज समजलं असन. सांगाचं राहून गेलं. कव्हा सांगाव तेच नाही समजलं."

मला वाटलं होतं त्यातलं काहीच त्यांच्या चेहऱ्यावर नव्हतं. ना अपमान, ना राग. सुपात मूग पडत होते, सालं टोपलीत. मग ते आपणहून बोलायला लागले, आणि माझ्या उभ्या आयुष्यात बाबा इतकं सलग बोललेले मला आठवत नाहीत. "माह्यासंग पाट लागला तं पाच मानसं होते. ना मांडव, ना वाजा. पाटात कोन नाव घ्याले लावते बे? कोनी नाही म्हनलं तिले. मी बी नाही म्हनलं. मले लाज वाटे. कालपरवालोक वयनी म्हनत होतो. तिच्याकून आपलं नाव कोन्या तोंडानं मांगाव? आज मांगू, उद्या मांगू करता करता तुमी झाले, मंग म्हातारपन आलं. लोकाईच्या लग्नात बाया तिले म्हनत, कौशल्याबाई, नाव घ्या, तं ते उठून पानी आनाले जाये. मले वाटे, तिले माहं नाव घ्याचं नाही. आता वाटते, तिले वाटत असन का मले आयकाचं नाही."

त्यांनी सूप बाजूला सरकवलं. "पन हसली ते पाह्यलं तू? तशी ते मांडवात हसली होती. त्याच्यानंतर नाही. माह्या घरात हसली नाही असं नाही, तू झाला तव्हा हसली, तुह्या बह्यनीच्या लग्नात हसली. पन तशी नाही. मी वर होतो दोर धरून, जव्हा दरड खचली. मोठा खाली. मले वाटे, तिचं ते हसनं मोठ्यासंग हिरीत गेलं, अन् मी वर उभा राहून पाह्यत राह्यलो. पन्नास वर्सं मले असंच वाटलं. अन् ते तं होतं ना तिच्यात! गेलंच नव्हतं. एका पोरीनं इचारलं तं निंगालं." त्यांनी नाक शिंकरलं, धोतराला हात पुसला. "रोज पाह्यतो तं बरं वाटते. दोघंही भेटतात. लाव बापा."

पारावर बसणाऱ्यांपैकी कुणी हसलं असतं तर बाबांनी त्यालाही बसवून घेतलं असतं आणि म्हटलं असतं, पाहा, ही अशी हसे. हे मला तिथे, त्या ओट्यावर कळलं. मी ज्याची अब्रू राखायला धावलो तो माणूस मला ठाऊकच नव्हता. मी म्हणालो, "बाबा, म्या काढाले लावलं ते." त्यांना ऐकू आलं नाही असं वाटून मी पुन्हा म्हणालो. "आजच. मोताळ्याहूनच येऊन राह्यलो. त्या पोरीले सांगून काढून टाकलं. लोकं तुमाले हसतीन म्हनून."

"मंग कुठी हाय आता?"

"कुठीच नाही."

ते माझ्याकडे पाहत राहिले. रागानं पाहिलं असतं तर बरं झालं असतं. मी मनालीला फोन लावला, त्यांच्यासमोरच. ती आधी समजली नाही, मग रडायला लागली. नाही काका, खरंच नाही, तुमच्यासमोरच तं उडवलं. नागसेनला लावला. त्याच्याकडे नुसती व्हिडिओची लिंक होती, उघडल्यावर आत काही नव्हतं. एकदा मोबाईलवर गेलेलं कधी पुसलं जात नाही असं लोक म्हणतात. ते मोठ्या माणसांचं, त्यांच्या भानगडींचं. मोताळ्याच्या बाजारात चौदा सेकंद हसलेली बाई एका बोटानं पुसली जाते. संजीवनीनं सांगितलं होतं, त्या पोरीनं विचारलं होतं, आणि दोघींना मी नको म्हणालो होतो. फोन ठेवून मी बाबांकडे पाहिलं. त्यांनी सूप परत पुढ्यात ओढलं होतं.

"मले एकडाव इचारतं तं," ते म्हणाले. एवढंच. ते पुन्हा शेंगा फोडायला लागले. मीही एक मूठ घेतली आणि सोलायला लागलो. माझ्या नखांना ते जमत नव्हतं.

शेजारच्या घरात दिवा लागला आणि पुष्पांजली आली, ओले हात पदराला पुसत, काखेत पोर, हातात मोबाईल. बाबा सवयीनं सरकले आणि त्यांनी तिला ओट्यावर जागा करून दिली. मला पाहून तिनं डोक्यावर पदर घेतला. "कव्हा आले भाऊ?" असं विचारलं आणि उत्तराची वाट न पाहता बाबांकडे वळली. "बाबा, आता बी पाह्यलं मी. निंगूनच नाही राह्यलं. काय झालं काय मालूम."

मी तोंड उघडलं. सांगून टाकणार होतो, बाबांना सांगितलं तसंच. पण बाबाच आधी बोलले, पोराच्या गालाला हात लावत, अगदी सहज. "राहू दे पोरी. रेंज नसन."

"रेंज तं हाय बाबा. बाकी सारं लागून राह्यलं."

"मंग काही बिघाड असन वरतून. हा आला ना आता, कचेरीतला मानूस हाय, याले समजते सारं. हा पाहीन."

ती खरोखरच आनंदली. "पाहा ना भाऊ. बाबाईले करमत नाही त्याच्याबिगर." आणि तिनं मोबाईल माझ्या हातात दिला. मी बाबांकडे पाहिलं. ते माझ्याकडे पाहत नव्हते. तिच्यासमोर मी उघडा पडू नये म्हणून त्यांनी हे केलं होतं, आणि आता मला ते करून दाखवणं भाग होतं. मी मनालीचं नाव टाकलं, मोताळ्याचा बाजार टाकला, उखाणा टाकलं. कात्रीवाला आला, चपलांची मुलगी आली, पिशवीची घडी घालणारा म्हातारा आला. मी खाली खाली सरकवत राहिलो. बाबांनी चष्मा काढून सदऱ्याच्या टोकाला पुसला, पुन्हा घातला आणि पाहायला माझ्याजवळ सरकून बसले.